मातीवरच्या कबड्डीच्या चित्रफिती वाचवा

माननीय संपादक,

रायगडपासून सिंधुदुर्गापर्यंत गावोगावच्या मंडळांनी प्रकाशझोतात भरवलेल्या कबड्डी स्पर्धांचे चित्रीकरण पूर्वी लग्नाचे शूटिंग करणारे स्थानिक व्हिडिओवालेच करीत. त्या व्हीएचएस कॅसेटी आज मंडळांच्या कपाटांत आणि घरांच्या माळ्यांवर पडून आहेत. कोकणातील दमट हवा त्यांचा घात करते : फितीवरील चुंबकीय थराला धरून ठेवणारे द्रव्य ओलावा शोषून चिकट होते आणि वर बुरशी धरते. अशी फीत साफ न करता यंत्रात घातली, तर यंत्र बिघडते आणि पुढच्या कॅसेटलाही बुरशी लागते. त्यातच या कॅसेटी चालवणारे व्हीसीआर बनवणाऱ्या फुनाई या अखेरच्या मोठ्या कंपनीनेही २०१६ मध्ये उत्पादन थांबवल्याने चालू यंत्रे दुर्मीळ होत आहेत.

इंग्लंडमधील टनब्रिज वेल्सला १९८३ च्या क्रिकेट विश्वचषकात कपिल देव यांनी केलेल्या नाबाद १७५ धावांचे दूरचित्रण नाही, याची हळहळ आपण आजही करतो. तरी त्या खेळीचा धावफलक आणि वृत्तांत आहेत. कबड्डीच्या गुणपत्रकावरून मात्र गुण कळतात. कोपरारक्षकाने घोटा कसा धरला, बचावपटूंची साखळी कुठे तुटली, हे कळत नाही. प्रो कबड्डी २०१४ मध्ये सुरू झाल्यापासून मॅटवरचा खेळ दूरचित्रवाणीने टिपला आहे. मातीवर अनवाणी खेळणाऱ्यांचे पदलालित्य मात्र या घरगुती फितींतच उरले आहे, आणि माझ्या मते तो आपल्या क्रीडा-इतिहासाचा सर्वांत मोलाचा भाग आहे.

तीन तासांची कॅसेट संगणकावर उतरवायला पूर्ण तीन तास लागतात. काम वेळखाऊ आहे, पण अवघड नाही. जिल्हा संघटनांनी एखादे महाविद्यालय किंवा सार्वजनिक वाचनालय सोबत घेऊन ते हाती घ्यावे. मात्र त्याआधी जुन्या खेळाडूंना आणि पंचांना बसवून प्रत्येक फितीवरील संघ, गाव व वर्ष लिहून घ्यावे, कारण चढाई करणारा कोण हे सांगणारे कोणी उरले नाही, तर उतरवलेली फीतही मुकीच राहील.

आजच्या स्पर्धांचे थेट प्रक्षेपण यूट्यूबवर होते, म्हणून आयोजक निश्चिंत असतात. ते चॅनेल बंद झाले की सामनेही गेले. मूळ फाइल दोन वेगवेगळ्या ठिकाणी, गुणपत्रकासह ठेवण्याची अट मंडळांनी चित्रीकरणाच्या करारातच घालावी. जुन्या कॅसेटींची माहिती कळवण्याचे आवाहन आपल्या क्रीडा पानावरून पावसाळ्यापूर्वी प्रसिद्ध करावे, ही विनंती.

आपला,
एक कबड्डीप्रेमी वाचक, अलिबाग