पावसाचे पाणी फ्लशला वापरा

संपादक महोदय,

पुण्यात रेन वॉटर हार्वेस्टिंगची चर्चा बहुतेक वेळा शोषखड्ड्यापाशी संपते. पाणी मुरवावेच; पण भर पावसात खडकवासल्याचे शुद्ध केलेले पाणी संडासात ओतणे काही पटत नाही. माणशी १३५ लिटरच्या प्रमाणित वापरात फ्लशचेच ४५ लिटर धरलेले असतात.

१०० चौरस मीटर गच्चीवर १० मिमी पाऊस झाला, तर घट वजा जाता सुमारे ८०० लिटर पाणी मिळते. सहा लिटरच्या फ्लशने चौघांना रोज सव्वाशे लिटर लागतात. आपल्याकडे पावसाळ्यात सरी वरचेवर येतात, त्यामुळे बंगल्याला हजार लिटरची काळी टाकी पुरते. जमिनीखालचा हौद बांधायची गरज नाही. भरलेली टाकी टनभर वजनाची होते, तेव्हा ती सज्जावर नको. पोर्चच्या स्लॅबवर, तीही इंजिनिअरला विचारून ठेवावी. तळमजल्याच्या संडासाला तिथून पंपाविना पाणी उतरते. मात्र भिंतीतला फ्लश व्हॉल्व्ह एवढ्या दाबावर चालत नाही, साधी फ्लशची टाकीच हवी.

पहिला १ मिमी पाऊस सोडून द्यावा, म्हणजे १०० लिटर. हे पहिले पाणी अडवायला उभा पाइप लावतात, पण चार इंची पाइपात मीटरला जेमतेम ८ लिटर मावतात. त्यापेक्षा ड्रम लावावा आणि त्याचा खालचा नळ थेंब थेंब गळता ठेवावा, म्हणजे पुढच्या पावसाआधी तो रिकामा होतो. पहिले पाणी सोडले नाही की कबुतरांची घाण आणि कुजका पाला टाकीत जाऊन वास सुटतो, बारीक रेती फ्लशच्या व्हॉल्व्हमध्ये अडकून पाणी वाहत राहते. ओव्हरफ्लोला जाळी हवीच, नाहीतर डेंग्यूचे डास आलेच.

पाऊस नसताना महापालिकेचे पाणी या टाकीत घ्यावे लागते, पण ते बॉलकॉकने (टाकी भरेपर्यंत आपोआप पाणी सोडणाऱ्या तरंगत्या नळाने) सोडू नये. टाकी रात्रीत काठोकाठ भरते आणि सकाळचा पाऊस गटारात जातो. हाताने उघडायचा कॉक बसवावा, पाइपाचे तोंड ओव्हरफ्लोच्या वर मोकळे ठेवावे. दोन्ही लाइन थेट कधीच जोडू नयेत.

सगळ्यात धोक्याची जागा कमोडमागचा अँगल कॉक. प्लंबर सवयीने त्यातूनच जेट स्प्रेची नळी काढतो आणि गच्चीचे पाणी अंगाला लागते. जेटची जोडणी नळाच्या लाइनवरच हवी.

जुन्या सोसायट्यांत फ्लशची लाइन वेगळी नसते, तिथे हे नंतर करणे महागात पडते. पुनर्विकासाला निघालेल्या सोसायट्यांनी मात्र वेगळी लाइन नकाशातच मागून घ्यावी.

– एक वाचक, कोथरूड, पुणे