सूचना : रविवारची बैठक – कार्टर वुडसन

सभासदहो,
येत्या रविवारी सायंकाळी ५ वाजता वाचनालयाच्या वरच्या खोलीत कृष्णवर्णीय अमेरिकन इतिहासकार कार्टर वुडसन (१८७५–१९५०) यांच्यावर बैठक आहे.

आईवडील गुलामगिरीतून सुटलेले, स्वतः कोळशाच्या खाणीत राबलेले. अक्षरओळख नसलेल्या खाणकामगारांना ते वर्तमानपत्र वाचून दाखवत आणि त्यांच्या आठवणी मन लावून ऐकत. माझ्या मते त्यांच्यातला इतिहासकार तिथेच घडला. पुढे १९१२ मध्ये हार्वर्डची डॉक्टरेट, १९२६ मध्ये त्यांनी सुरू केलेला कृष्णवर्णीयांचा इतिहास सप्ताह.

• त्यांच्या १९३३ च्या ‘द मिस-एज्युकेशन ऑफ द निग्रो’ या पुस्तकातलं पहिलं प्रकरण वाचून या. झेरॉक्स ग्रंथपालांकडे आहे.
• आपल्या वस्तीतल्या एखाद्या वडीलधाऱ्यांची आठवण विचारून, लिहून आणा. एक पान पुरे, पण ती त्यांच्याच शब्दांत हवी.
• येणाऱ्यांनी शुक्रवारपर्यंत नाव कळवावं.