मनू, काळशेला एवढ्यात उसवू नकोस

चि. मनू,
अनेक आशीर्वाद.

परवा फोन मी आधी ठेवला, ते चुकलंच. "गोष्ट माझी आहे, बाबा," असं तू म्हणालीस, आणि ती तुझीच आहे. काळशेला, तो दिवसांचा विणलेला शेला, तुझ्या लहानपणी गोष्टीत रचला मी असेन, पण इतकी वर्षं तो अंगावर वागवलास तू. तुझी सगळी पानं मी दोनदा वाचली. पाठवलीस तेव्हा पहाटेचे साडेतीन वाजले होते. झोपेबद्दल या पत्रात काही विचारायचं नाही, असं ठरवून बसलोय.

शेल्याचे नियम तुला पाठ आहेत, तरी मला ते एकदा लिहून बघायचेत. ताणा, म्हणजे उभे धागे, हलत नाही. तो जन्मापासून मागावर ताणलेला. बाणा, म्हणजे आडवा धागा, हा दिवस. तो धागा नेणारा धोटा एकदा इकडून तिकडे गेला की एक दिवस संपला. आडवा धागा ओढून काढला की तो दिवस परत हाताशी येतो, पण शेजारचे धागे सैल पडतात. सात वर्षांची असताना तू विचारलंस, "मग काढलेल्या धाग्याच्या जागी काय राहतं?" मी म्हणालो, फट. त्या फटीतून कोण येईल या भीतीनं तू आठवडाभर आमच्या मधे झोपलीस, आणि तुझ्या आईनं मला चांगलंच सुनावलं.

तेव्हा सांगितलं नव्हतं, पण सगळी कल्पना माझी नव्हे. महाभारताच्या आदिपर्वात उत्तंक चोरीला गेलेली कुंडलं शोधत नागलोकात उतरतो. तिथे दोन स्त्रिया मागावर बसून वस्त्र विणताना दिसतात, धागे काळे आणि पांढरे. पुढे त्याला कळतं की त्या धाता आणि विधाता, आणि धागे म्हणजे रात्री आणि दिवस. त्याला तर किती घाई होती! कुंडलं गुरुपत्नीला ठरलेल्या दिवशी पोचायलाच हवी होती. काळाचा माग समोर होता, तरी तो धाग्याला हात लावत नाही. घोड्यावर बसतो आणि वेळेत पोचतो.

तुझी नायिका अख्खा शेला उसवते. एका दुपारपर्यंत. कुठली दुपार ते विचारू नकोस म्हणालीस, नाही विचारत. पण त्या खोलीतला पडदा अर्धाच ओढलेला आहे, आणि तो तसा मी ओढला होता. "अर्धा तास आधी निघायला हवं होतं," असं ती मुलगी चार वेळा म्हणते. मनू, तू तेव्हा परीक्षेच्या हॉलमध्ये होतीस. तो अर्धा तास माझ्या हातात होता, तुझ्या नव्हता. तो तू कशाला उचलून घेतलास? रात्ररात्र जागून तू हेच लिहितेस का? झोपतेस तरी केव्हा?

बघ, विचारलंच.

माणसानं मागे जाऊ नये असं नाही. पण जो मागेच राहतो त्याचा पुढचा बाणा कोण घालणार, आणि तब्येतीची हेळसांड करून कुणाला काय मिळालंय, आणि तुझ्या वयात... नको. क्षमा कर. तुला उपदेश करायला बसलो नव्हतो. सुया थांबल्यावर घरात शांतता कशी मोठी होते, ते तू जिथे लिहिलंयस, तिथे मी चष्मा काढून ठेवला. असं वाक्य मला जन्मात जमलं नसतं. शेजाऱ्यांनाही वाचून दाखवलं, रागावू नकोस.

तुझा तो पिवळा स्वेटर आठवतो? तीनदा उसवला तुझ्या आईनं, आणि दरवेळी थोडी नवी लोकर घालून मोठा विणला. उसवलेली लोकर सरळ येत नाही, जुन्या टाक्यांचे वळसे तिच्यात तसेच राहतात. मग ती लड धुऊन, खाली वजन अडकवून वाळत घालायची. तू तोवर उरलेली वेटोळी कानात अडकवून घरभर नाचायचीस. उसवताना ती कधी हळहळली नाही. मी मात्र दरवेळी म्हणायचो, अगं, एवढासाच ठेव की एक, आठवण म्हणून.

इजिप्तमधल्या तारखानच्या पोशाखाबद्दल तूच मला सांगितलं होतंस. १९१३ साली उत्खननात निघालेल्या मळक्या लिननच्या गाठोड्यात तो होता, आणि १९७७ मध्ये ते कापड स्वच्छ करताना हाती लागला. वय काढलं तर इसवी सनापूर्वी ३४८२ ते ३१०२ यांच्या मधलं. त्याच्या कोपरांशी आणि काखेत चुण्या आहेत, कुणीतरी वापरल्याच्या. पाच हजार वर्षांपूर्वी कुणीतरी हात वाकवला, तो अजून तिथेच आहे! त्या दिवशी तू एवढ्या उत्साहानं बोलत होतीस, आणि फोन दुपारी केला होतास.

शेवट तुला हवा तसाच कर. मी पुन्हा बोलणार नाही. फक्त तो रात्री लिहू नकोस.

सोबत आईचा करडा स्वेटर पाठवतोय. गेल्या वर्षी तू मागितलास तेव्हा सापडत नाही म्हणालो होतो, ते खोटं होतं. धुतलेला नाही. दोन्ही कोपरांशी फुगवटा आहे तसाच आहे, घडी घालताना मी त्याला हात लावलेला नाही.

बाबा