खुन्याच्या मनाइतकाच तक्रारीचाही माग काढा

संपादक महोदय,

एकामागून एक खून करणाऱ्या माणसांवरचे माहितीपट ओटीटीवर सतत येत आहेत. त्यांपैकी बहुतेकांत खुन्याचे बालपण, त्याचे मन आणि त्याची पद्धत यांना जेवढा वेळ दिला जातो, त्याच्या निम्माही वेळ त्याला मोकळे राहू देणाऱ्या यंत्रणेला मिळत नाही, ही माझी तक्रार आहे.

नागपूरकरांना तरी हे खटकायला हवे. कस्तुरबानगर वस्तीला छळणाऱ्या अक्कू यादवला १३ ऑगस्ट २००४ रोजी येथील न्यायालयातच जमावाने ठार केले. त्यावर २०२२ मध्ये तीन भागांचा माहितीपट आला. वस्तीतील बायका त्यात स्वतः बोलल्या, हे मोलाचे आहे. तरी पाहून झाल्यावर मनात ठसतो तो न्यायालयातला रक्तपात. माझ्या मते खरा विषय त्याआधीच्या वर्षांचा आहे. खून आणि बलात्काराचे आरोप असलेला हा माणूस अटक झाल्यावरही पुन्हा पुन्हा सुटून त्याच गल्लीत परतत होता आणि तक्रार केली की त्याची खबर त्यालाच लागते, असे तेथील बायका सांगत आल्या आहेत. त्या तक्रारींचे ठाण्यात नेमके काय झाले, याचा कसून शोध घेणारा एक संपूर्ण भाग व्हायला हवा होता.

दिल्लीजवळ नोएडातील निठारी येथल्या मुलांच्या हत्याकांडाचेही तेच. डिसेंबर २००६ मध्ये सांगाडे सापडले, त्याच्या कितीतरी आधीपासून बेपत्ता मुलांचे गरीब आईबाप पोलिसांकडे खेटे घालत होते. ज्याला वर्षानुवर्षे नरभक्षक म्हणून दाखवले गेले, तो आरोपी २०२५ मध्ये सर्वोच्च न्यायालयातून शेवटच्या खटल्यातही निर्दोष सुटला. मग ती मुले मारली कोणी? माहितीपटाने सुरुवात करायची तर या प्रश्नापासून करावी.

बलात्कार पीडितेची ओळख उघड करण्यास भारतीय न्याय संहितेचे कलम ७२ मनाई करते. खून झालेल्याच्या आप्तांना मात्र असा आधार नाही. त्यांच्या घरातला मृत्यू नटांकडून पुन्हा घडवून दाखवताना त्यांची संमती घेण्याची सक्ती कोणावरही नाही. ओटीटीसाठीच्या २०२१ च्या माहिती तंत्रज्ञान नियमांनी आलेले वयोगटाचे शिक्के प्रेक्षकांसाठी आहेत, या कुटुंबांसाठी नाहीत.

आपल्या दैनिकात अशा माहितीपटांचे परीक्षण छापताना, निर्मात्यांनी मृतांच्या आप्तांना आधी विचारले होते का आणि पोलीस तपासातील चुका कितपत तपासल्या, हेही समीक्षकाने आवर्जून नोंदवावे, ही विनंती.

आपला,
एक वाचक, नागपूर