टबाच्या बदल्यात सापाचा गेम देऊ नका

मा. संपादक साहेब, सप्रेम नमस्कार.

सध्या आमच्या अमळनेर तालुक्यात गावोगाव मोटरसायकलला भोंगा लावून माणसं फिरतायत, बंद पडलेला, फुटलेला, कसाही मोबाईल द्या आणि प्लास्टिकचा टब नाहीतर बादली घ्या. त्यांचा तो धंदा आहे, त्यांच्यावर माझा राग नाही. पण दुपारी पोरं शाळेत, मोठी माणसं वावरात, आणि घरात एकट्या असलेल्या आजी कपाटातला नोकियाचा जुना अकराशे (1100), तेहतीस दहा (3310) काढून देऊन टाकतात आणि संध्याकाळी टब बघून सगळे खूश. हे बघून जीव तुटतो म्हणून पत्र लिहितोय, कृपया छापा.

त्या फोनमध्ये फक्त नंबर नव्हते ना हो. त्यात साप होता, म्हणजे स्नेक गेम, घास खाल्ला की साप लांब होणार आणि स्वतःच्याच शेपटीला धडकला की आउट.

आत्ताच्या पोरांना सांगायला पाहिजे की हा साप आला कुठून. नोकियात काम करणारे फिनलंडचे इंजिनिअर तानेली आर्मांटो, त्यांनी तो 1997 साली 6110 या फोनसाठी बनवला. शेपटी वाढत जाणाऱ्या रेषेची मूळ कल्पना त्याच्याही आधीची, 1976 च्या ब्लॉकेड नावाच्या गेमची, पैसे टाकून खेळायच्या मोठ्या मशीनवरचा गेम होता तो. मग 2000 साली तेहतीस दहा आला आणि त्यात स्नेक टू, हा फोन जगात 12 कोटी 60 लाख खपला असं सांगतात. आणि 2003 चा अकराशे तर 25 कोटींच्या वर गेला, तो आपल्यासारख्या धुळीच्या आणि अंधाराच्या मुलखाचा विचार करूनच बनवलेला, कीपॅडवर एकच अखंड रबर म्हणजे आत धूळ जाऊ नये, हातातून निसटू नये म्हणून कडेला खरबरीत पट्टी, आणि वर टॉर्च. खान्देशात ही टॉर्च कोणी कोणी आणि कुठे कुठे वापरली हे वेगळं सांगायची गरज नाही, लोडशेडिंगच्या त्या वर्षांत शेतीची लाईट रात्रीच यायची, केळीला पाणी भरायला माणूस अंधारात बांधावरून त्याच टॉर्चच्या उजेडात जायचा आणि बारं, म्हणजे पाण्याची पाळी, भरेपर्यंत मोटरीच्या खोलीपाशी बसून साप खेळायचा. झोप लागू नये म्हणून खेळायचा! लाईट परत कधी जाईल सांगता यायचं नाही, जागं राहणं भाग होतं.

कापसाच्या सीझनला जिनिंगवर, म्हणजे कापसातली सरकी काढायच्या कारखान्यावर, ट्रॅक्टरची रांग लागायची, रात्र रात्र नंबर यायचा नाही, तिथे पण हेच. एकाच्या हातात फोन आणि बाकीचे चारजण मागून मान घालून, अरे वर घे वर घे, शेपटी शे तठे! आणि आउट झाला की लगेच आमच्या अहिराणीत "आते मन्हा नंबर शे", म्हणजे आता माझा नंबर. माझं म्हणणं हे आहे की हा गेम एकट्याचा नव्हताच. फोनच घरात एक असायचा, तो वडिलांचा किंवा सुरतेहून, उधन्याहून सुट्टीला आलेल्या काकांचा, आणि काका जेवायला बसले की तेवढ्या वेळात आम्हा सगळ्या भावंडांचे नंबर लागायचे. काकांचा हायस्कोर मोडला तर काका रागवायचे नाहीत, उलट रात्री खाटेवर पडून तो परत मोडायला बसायचे. आजोबांना, म्हणजे आमच्या आप्पांना, वाचता येत नव्हतं पण साप यायचा, 2 ने वर, 8 ने खाली, 4 डावीकडे, 6 उजवीकडे, याला काय शाळा लागते? बऱ्याच जुन्या फोनवर बघा, हे चारच आकडे पुसलेले असतात.

आणि खेळ किती बारकाईने केलेला होता ते बघा. तेहतीस दहाची स्क्रीन फक्त 84 बाय 48 ठिपक्यांची, रंग नाही काही नाही, तेवढ्यात सगळं बसवलेलं. लेव्हल वाढवली की साप जोरात पळणार पण घासाला मार्कही जास्त मिळणार, म्हणजे हावरटपणा करायचा की जपून खेळायचं हे आपण ठरवायचं. स्नेक टू मध्ये भिंत नसली की साप या बाजूने बाहेर जाऊन त्या बाजूने आत यायचा, मधेच एखादा वेगळा किडा दिसायचा आणि त्याचे आकडे उलटे मोजत जायचे, तो धरायला गेलं की नेमकी शेपटी आडवी. शेवटी साप इतका लांब व्हायचा की जागाच उरायची नाही, तेव्हा मग कडेकडेने, ओळीओळीने, नांगरटीसारखं फिरवायला लागायचं. हे कोणी शिकवलं नव्हतं, गावातली पोरं आपापली शिकली.

साप मोठा म्हणून बाकीचे विसरू नका. तेहतीस दहावर स्पेस इम्पॅक्ट होता, विमानाचा, त्यातल्या शेवटच्या मोठ्या राक्षसापर्यंत जो पोचायचा त्याला वर्गात मान. बंतुमी होता, तो मंकला या आफ्रिकेतल्या खड्डे आणि बियांच्या जुन्या खेळावरून घेतलेला, आमच्या आईला तोच आवडायचा कारण त्यात घाई नाही, डोकं लावायचं. नंतर रंगीत फोन आले त्यावर लाल चेंडूचा बाउन्स आला, आणि 2008 चा बाउन्स टेल्स ज्या रोव्हिओ कंपनीने बनवला तिनेच पुढच्या वर्षी अँग्री बर्ड्स काढला. म्हणजे आजच्या पोरांचे गेमसुद्धा याच घरातले आहेत.

आता कोणी म्हणेल की प्ले स्टोअरवर सापाचे पाहिजे तेवढे गेम आहेत, टाकून घ्या. टाकून बघितलेत साहेब. दोनदा आउट झालं की जाहिरात, परत जिवंत व्हायचं तर अजून एक जाहिरात, आणि मधेच दहा नोटिफिकेशन. त्या फोनवर आउट म्हणजे आउट, स्कोर दिसला, फोन खिशात, कामाला लागले. आणि अजून एक गोष्ट, मे महिन्यात आपल्याकडे पारा 45 च्या आसपास असतो, भर उन्हात आजच्या मोबाईलची स्क्रीन काळी ठप्प दिसते, हात आडवा धरावा लागतो. त्या जुन्या साध्या स्क्रीनवर जेवढं ऊन पडेल तेवढी ती स्वच्छ दिसायची कारण ती बाहेरच्याच उजेडावर चालते. वावरात बसून खेळायचा हा गेम वावरातच बरोबर दिसतो, मोठ्या फोनवर त्याची नक्कल करून ते जमत नाही.

म्हणून माझी वाचकांना हात जोडून विनंती आहे, फोन देऊ नका, आधी चालू करून बघा. अकराशेला बीएल फाइव्ह सी बॅटरी लागते, ती अजून मिळते कारण छोटे रेडिओ आणि स्पीकर पण त्याच बॅटरीवर चालतात, जळगावच्या गोलाणी मार्केटमध्ये नाहीतर तालुक्याच्या कुठल्याही मोबाईल दुकानात विचारा. फक्त जुनी बॅटरी फुगलेली असेल तर ती चार्जिंगला लावू नका, काढून टाका. फोन सिम मागत असेल तर घरातलं एखादं बंद पडलेलं जुनं सिम घालून बघा, मेनू उघडायला तेवढं पुरतं. आणि सुट्टीत पोराच्या हातात तो द्या, त्यात रील नाही, डेटा पॅक नाही, लपवण्यासारखं काही नाही.

गणपती मंडळांनाही सांगणं आहे की लिंबू चमचा आणि संगीत खुर्ची घेता तशी एक सापाची स्पर्धा घ्या, आजोबा आणि नातू एकाच फोनवर, बघा कशी गर्दी होते. आणि संपादक साहेब, आपण मे महिन्याच्या सुट्टीत एक पान वाचकांच्या जुन्या हायस्कोरच्या फोटोंना द्याल का? नंदुरबार, शिरपूर, चोपडा, रावेर, सगळीकडून फोटो येतील याची मला खात्री आहे.

अडचण एकच येते ती चार्जरची. अकराशे आणि तेहतीस दहाला जाड पिनचा चार्जर लागतो, बारीक पिनचा त्यात बसत नाही, आणि जाड पिनवाले बहुतेक घरांतून फेकले गेलेत. ज्यांच्याकडे जास्तीचे असतील त्यांनी ते गावच्या शाळेत किंवा वाचनालयात आणून द्यावेत, खोक्यावर नुसतं "जाड पिन" असं लिहून ठेवलं तरी शोधणाऱ्याला सापडेल.

आपला,
एक नियमित वाचक, अमळनेर, जि. जळगाव