पानभर व्यंगचित्र छापा, आणि ते आमच्यावरच असू दे

मा. संपादक,
स.न.वि.वि.

आपल्या पेपरात व्यंगचित्र म्हणजे कोपऱ्यात एक इवलीशी चौकट, त्यात कायम एक पुढारी, एक खुर्ची आणि हायवेचे खड्डे. खड्डे खरे आहेत, नाही कोण म्हणतंय, पण तोच जोक किती वर्षं बघायचा. म्हणून फ्रान्सच्या व्यंगचित्रकार क्लेअर ब्रेतेशेर या बाईंबद्दल लिहितोय, आपल्याकडे त्यांचं नाव फारसं कोणी घेत नाही.

१९४० चा जन्म, गाव नांत. थोडे दिवस ड्रॉइंग टीचर, मग पॅरिस. १९६३ ला अ‍ॅस्टेरिक्स कॉमिकवाल्या गोसिनींच्या लिखाणाला चित्रं काढायला मिळाली. १९६९ मध्ये सेल्युलाइट नावाची बेढब राजकन्या काढली, १९७२ ला दोन मित्रांबरोबर स्वतःचं नियतकालिकच काढलं. पण खरी मजा १९७३ नंतरची. 'नुव्हेल ऑब्सेर्व्हातर' हे साप्ताहिक वाचणारे कोण, तर शिकलेसवरलेले, डाव्या विचारांचे, खाऊनपिऊन सुखी लोक, आणि बाईंनी त्याच साप्ताहिकात पानभर जागा घेऊन त्यांचीच फिरकी घ्यायला सुरुवात केली. चित्रात विशेष काही घडतच नाही हो, लांब नाकाची दोनतीन माणसं सोफ्यात रुतून बसलीयत, चौकटीमागून चौकटी तीच बसकण, फक्त एखादा हात हलतो नाहीतर पापणी खाली येते, आणि तोंडाने मात्र क्रांती, स्त्रीमुक्ती, मुलांचं संगोपन सगळं चालू. रोलां बार्थसारख्या विचारवंताने १९७६ मध्ये त्यांना वर्षातली सर्वोत्तम समाजशास्त्रज्ञ म्हटलं. वाचक चिडून पळाले नाहीत, उलट पुस्तकं धडाधड खपली. (स्पेनच्या सोळाव्या शतकातल्या संत तेरेसा ऑफ आविला यांच्यावरच्या चित्रमालिकेवर मात्र काही वाचक भडकले होते, तेही साप्ताहिकाने पचवलं.)

आता सांगा, आपल्या कोकणात असा माल कमी आहे का? गणपतीला चाकरमानी येतो, ओटीवर झोपाळ्यात बसून "रिटायर झालो की गावालाच राहणार रे" म्हणतो, सातबाऱ्यावर बारा नावं असलेल्या घराची कौलं कोणी परतायची यावर मात्र गप्प, आणि गौरी-विसर्जन झालं की रिटर्न तिकीट. इथे राहणारे आम्ही तरी काय, पर्यावरण वाचवा म्हणून स्टेटस टाकायचं आणि होमस्टेचं सांडपाणी व्हाळात सोडायचं. तिरकस बोलण्यात आमचा हात कोण धरणार, पण छापायची वेळ आली की सगळे सभ्य.

तर रविवारी एक पूर्ण पान द्या, इथल्याच एखाद्या पोराला नाहीतर पोरीला. ब्रेतेशेरबाई २०२० मध्ये गेल्या, पण १९७५ पासून आपली पुस्तकं त्यांनी स्वतःच छापली, हक्क स्वतःकडे ठेवले. तेव्हा चित्रावरचा हक्क चित्रकाराकडेच राहू द्या आणि मानधन महिन्याच्या महिन्याला, "तुमचं नाव होईल" यावर भागवू नका. पहिल्या रविवारी मालवणातल्या वाचकांवर काढलंत तरी चालेल, मी वर्गणी बंद करणार नाही.

आपला,
एक वाचक, मालवण