बाबांच्या हातातली तागडी

आदरणीय सर,
सा. न. वि. वि.

समोरासमोर आभार मानायला गेलं की तुम्ही "अहो, त्यात काय एवढं" म्हणून विषय बदलता. म्हणून हे जाहीर पत्र.

मार्चमध्ये बाबांना पक्षाघात झाला. उजवा हात लुळा पडला, बोलणं गेलं. याला अफेजिया म्हणतात, समजतं बरंच पण शब्द सापडत नाही, असं डॉक्टरांनी सांगितलं. ज्या माणसाचा आवाज मंडईत चार गाळे पलीकडे ऐकू जायचा, त्याच्याशी लोक बहिऱ्याशी बोलावं तसं ओरडून बोलू लागले. बाबा भिंतीकडे तोंड करून पडून राहायचे.

तुम्ही आलात ते एक शब्दही न बोलता. कॉटसमोर उकिडवे बसलात, नसलेली पिशवी झटकलीत आणि वांगी निवडायला लागलात. एक उचललंत, देठ पाहिला, बोटानं दाबलंत, परत ठेवलंत. बाबांची मान वळली. तुम्ही मुद्दाम किडकं उचललंत, तसं त्यांनी डाव्या हातानं ते काढून घेतलं. मग तोच हात वर उचलून तागडी धरली. मनगट एका अंगाला झुकलं. त्यांनी डोळ्यांनी खुणावलं, तुम्ही एक वांगं काढलंत, आणि मनगट सावकाश सरळ झालं. आई दारात उभी राहून रडत होती.

फिरोदिया करंडक या कॉलेजांच्या नाट्यस्पर्धेच्या तालमीत तुम्ही आम्हाला हेच घोटून शिकवलं होतंत. वजन आधी खांद्यात येतं, मग बोटांत. भिंतीला तळहात टेकला की अंग हलेल, तळहात हलता कामा नये. तालीम संपली की अमृततुल्यमध्ये चहा पिताना मार्सेल मार्सो या फ्रेंच मूकाभिनय कलावंताच्या गोष्टी. दुसऱ्या महायुद्धात ज्यू मुलांना फ्रान्समधून स्वित्झर्लंडच्या सीमेपर्यंत नेताना, ती गप्प राहावीत म्हणून त्यानं मूकाभिनय केला. १९४४ मध्ये त्याच्या वडिलांना ऑशवित्झला नेलं, ते परत आले नाहीत. आणि १९४७ मध्ये त्यानं बिप हा विदूषक उभा केला: पांढरा चेहरा, पट्ट्यापट्ट्यांचा बनियन, चेपलेल्या उंच टोपीवर डुलणारं लाल फूल. तेव्हा मला त्यातलं फूल तेवढं आवडायचं. त्या मुलांसाठी ती कला काय असेल, हे मला तुम्ही वांगी निवडताना कळलं.

स्पीच थेरपी चालू आहेच, तिचं श्रेय तिला. पण त्या बाईंसमोर बसायला बाबा तयार झाले ते तुमच्यामुळे. पाच महिने, दर रविवारी, तुम्ही गुडघे दुखत असताना तीन जिने चढलात. परवा बाबांनी पहिल्यांदा "कांदा" म्हटलं.

या रविवारी जरा लवकर या. बाबांनी त्यांची काळी टोपी आईकडून काढून घेतली आहे आणि कुंडीतल्या जास्वंदीकडे सारखं बोट दाखवताहेत.

तुमची विद्यार्थिनी